जुन्या खाणीचा पाचू

नथींतील पाचू दाखवितांना वडील मंडळी मोठ्या अभिमानानें “हा जुन्या खाणीचा” असें सांगतात. वांटणीच्या वेळीं ह्या दोन शब्दांवरून रुसवेफुगवे झालेले आम्हीं पाहिले आहेत. ही जुनी खाण कोठली म्हणून विचारावें, तर पूर्वेकडील कुठल्याशा लुप्त खाणीचें नांव पुढें होतें. वस्तुस्थिति याहून मनोरंजक आहे.

नवरत्नांतील मरकत आपल्याकडे कोलंबसाच्या कितीतरी आधींपासून ठाऊक होता, ह्यांत शंका नाहीं. परंतु मोठे, गर्द हिरवे पाचू येथें विपुल आले ते सोळाव्या शतकापासून, आणि तेही दक्षिण अमेरिकेंतून! कोलंबियांतील मुझो व चिवोर येथील खाणी स्पॅनिश लोकांनीं बळकावल्या, तेथील मूळच्या रहिवाशांस त्यांत सक्तीनें राबविलें, आणि तो माल गलबतांतून युरोपांत व पुढें पोर्तुगीजांच्या गोव्यास येऊं लागला. मोगल दरबार हें त्याचें मोठें गिऱ्हाईक. हिजरी सन ११०७ (इ. स. १६९५-९६) कोरलेला, एका अंगास प्रार्थना व दुसऱ्या अंगास फुलें असलेला २१७.८० कॅरटांचा ‘मोगल पाचू’ २००१ सालीं लंडन येथें पंधरा लाख पौंडांहून अधिक किंमतीस विकला गेला. तोही मूळचा कोलंबियाचाच.

हैदराबादच्या निजामाच्या खजिन्यांतील कांहीं ‘जुने’ पाचू फ्रेंच संशोधकांनीं तपासले व २००० सालीं निष्कर्ष प्रसिद्ध केले. पाचूंतील प्राणवायूच्या जड व हलक्या अणूंचें प्रमाण खाणीगणिक बदलतें. त्यावरून मूळ ताडतां येतें. त्यांत कोलंबियाचे पाचू निघाले, तसा अफगाणिस्तानांतील पंजशीरचाही निघाला. लुप्त खाण मात्र कोठेंच सांपडली नाहीं.

पाचू हा बुधाचा म्हणून घालावा कीं नाहीं, ह्या वादांत आम्ही शिरत नाहीं. गृहिणींस एवढेंच सांगावयाचें कीं, हें रत्न हिऱ्यासारखें दणकट नव्हे. बेरिल नांवाच्या खनिजांत क्रोमियम किंवा व्हॅनेडियम लेशमात्र शिरलें म्हणजे हा हिरवा रंग येतो. पण निर्दोष पाचू फारच विरळा, बहुतेकांत बारीक भेगा असतात. स्वस्त आणि शिवाय अगदीं स्वच्छ पाचू कोणी पुढें केला, तर आम्ही काचेचा संशय आधीं घेऊं. भेगा झांकण्यासाठीं त्यांत तेल जिरविण्याची चाल फार जुनी आहे. म्हणून सोन्याबरोबर नथही रिठ्याच्या कढत पाण्यांत टाकली, कीं तेल निघून जातें व भेगा उघड्या पडतात. सराफाकडील ध्वनिलहरींचें यंत्रही पाचूस वर्ज्य. ओलसर मऊ फडक्यानें पुसावा. निस्तेज दिसूं लागल्यास जाणत्या जवाहिऱ्याकडून पुन्हां तेल भरून घ्यावें.