झाडाच्या कपाळी बाशिंग

गेल्या पावसाळ्यात चेंबूरला एका जुन्या घरी गेलो होतो. आवारात आंब्याचे मोठे झाड. त्याच्या बेचक्यात हातभर लांब, चिरलेल्या हिरव्या पानांचा झुबका आणि त्याच्या बुडाशी खोडाला चिकटलेली तपकिरी, कागदासारखी पाने. मालकांनी कोयतेवाला गडी बोलावला होता. ‘‘बांडगूळ माजलंय, काढून टाका,’’ म्हणाले. ओटीवरून त्यांच्या आई म्हणाल्या, ‘‘अरे, बांडगूळ कसलं! वांदरबाशिंग आहे ते. आमच्या माहेरी कोकणात आंब्यावर असायचं.’’

वाचकहो, हा एक नेचा आहे. लग्नात कपाळी बाशिंग बांधतात, तशी याची वाळकी पाने खोडाला टेकून उभी असतात. म्हणून बाशिंग. माणसाचे मांडवात, तर वानराचे झाडावर, अशी थट्टा त्या ‘वांदर’ शब्दात असावी. स्वीडनच्या लिनियसने १७५३ साली याला शास्त्रीय नाव दिले, तेव्हा त्याला ही पाने आपल्याकडच्या ओक झाडाच्या पानांसारखी वाटली. ज्याच्या डोळ्यांसमोर जे, तेच नाव! मला विचाराल तर आपले नाव सरस.

ती वाळकी पाने मेलेली दिसली तरी बिनकामाची नाहीत. वरून पडणारा पालापाचोळा आणि धूळ ती टोपलीसारखी झेलतात. तो तिथेच कुजतो, त्याचे खत होते आणि बाशिंगाची मुळे त्यावर जगतात. उन्हाळ्यात हिरवी पाने गळतात, टोपली मात्र राहते. पाऊस पडला की पुन्हा पालवी.

म्हणजे हे झाडाचा रस पीत नाही. झाड त्याला फक्त बसायला जागा देते. बांडगुळाचे तसे नाही. ते आपली मुळे फांदीत घुसवून रस ओढते. त्याला फुले येतात, फळे येतात, आणि चिकट बी पक्षी दुसऱ्या फांदीवर नेऊन लावतात. ते फळे पिकण्याआधी, घुसलेल्या जागेच्या थोडे खालून फांदीसकट छाटावे.

बाशिंगाला फूल नाही की फळ नाही. मोठ्या हिरव्या पानाची मागची बाजू पाहा. तिथे तपकिरी ठिपके दिसतील. त्यांतली भुकटी वाऱ्यावर उडते, तीच याची पेरणी. तेव्हा कोयता उचलण्याआधी पान उलटून पाहावे.

चेंबूरच्या त्या गड्याला मजुरी मिळाली. पण ती शेजारची एक सुकी फांदी तोडण्याची.