थेल्मा रिटरची मोजकी मिनिटं

न्यूयॉर्कच्या मेसीज या अवाढव्य दुकानात नाताळची झुंबड उडालेली. पोराला हवा असलेला खेळण्यातला आगीचा बंब शोधून शोधून एका आईच्या पायांचे तुकडे पडलेत, आणि दुकानातला सांताक्लॉज खुशाल पोराला सांगतो की मिळेल! बाई भडकते. तेवढ्यात तोच सांता तिला सांगतो, बंब दुसऱ्या कुठल्या दुकानात मिळेल. स्वतःचं गिऱ्हाईक दुसऱ्याकडे पाठवणारा दुकानदार? बाई चक्रावते, आणि यापुढे खरेदी इथेच, असं बजावून निघून जाते.

‘मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट’ (१९४७) मधली ही भूमिका मिनिटभराची. श्रेयनामावलीत अभिनेत्रीचं नावसुद्धा नाही. पण ट्वेन्टीएथ सेंच्युरी फॉक्सचे प्रमुख डॅरिल झानक यांनी ते चित्रीकरण पाहिलं आणि भूमिका वाढवायला लावली. तेव्हा थेल्मा रिटर पंचेचाळिशीत होती. ब्रुकलिनमध्ये जन्मलेली, नाटकाचं रीतसर शिक्षण घेतलेली, मुलांसाठी काही वर्षं रंगभूमीपासून लांब राहिलेली, मग रेडिओवर आवाज देणारी. नायिकांची कारकीर्द जिथे उतरणीला लागायची, त्या वयात हिची सुरू झाली.

आणि झाली ती कशी! १९५० ते १९५३ या चार वर्षांच्या चित्रपटांसाठी सलग चार ऑस्कर नामांकनं. पुढे १९५९ आणि १९६२ च्या चित्रपटांसाठी आणखी दोन. सहाही वेळा सहायक अभिनेत्री म्हणून, आणि सहाही वेळा बाहुली दुसरीच कुणीतरी घेऊन गेली.

एवढ्याशा वेळात ही बाई करते तरी काय? मला वाटतं, तिचे हात बघावेत. ते क्वचितच रिकामे असतात. हिचकॉकच्या ‘रिअर विंडो’त ती नर्स आहे. पाय मोडून पडलेल्या जेम्स स्ट्युअर्टची पाठ रगडता रगडता ती त्याच्या लग्नाचा विषय काढते, आणि पुढे तो नाश्ता करत असताना समोरच्या इमारतीतल्या खुन्याने प्रेताचे तुकडे कुठे केले असतील याची चर्चा करते. कामात असलेला माणूस खोटं बोलत नसावा, असं आपल्याला उगाचच वाटतं. रिटरला ते पक्कं ठाऊक आहे. म्हणून ‘ऑल अबाउट इव्ह’मध्ये गोड बोलणाऱ्या इव्हवर बाकीचे भाळतात, पण नटी मार्गोचे कपडे सांभाळणाऱ्या बर्डीला, म्हणजे रिटरला, शंका येते आणि आपणही लगेच सावध होतो. गंमत म्हणजे निम्म्या वाटेवर बर्डी चित्रपटातून गायबच होते. तोवर तिने संशयाचं बी पेरलेलं असतं.

तिचं सर्वांत थोर काम मात्र सॅम्युएल फुलरच्या ‘पिकअप ऑन साउथ स्ट्रीट’मध्ये (१९५३). मो ही टाय विकणारी म्हातारी पोलिसांना पाकीटमारांची नावं विकते. भाव करताना महागाईचं कारणही पुढे करते! पैसे साठवतेय ते स्वतःच्या मरणासाठी. बेवारशांच्या दफनभूमीत जायचं नाही, एवढीच तिची इच्छा. एका रात्री खोलीवर येते तर बंदूक घेऊन माणूस बसलेला. त्याला हवी ती माहिती ती विकत नाही. आयुष्यभर सगळ्यांना विकणारी बाई याच वेळी नकार देते, तेही धीरोदात्त वगैरे न होता. ती दमलेली आहे, आणि दमली आहे म्हणूनच सांगते की मार बाबा एकदाचं. कॅमेरा ग्रामोफोनकडे सरकतो, गोळीचा फक्त आवाज येतो. मी तरी त्या काळातल्या अमेरिकी गुन्हेपटात याहून चांगला प्रसंग पाहिलेला नाही. (त्या वर्षीचं पारितोषिक डोना रीडला मिळालं. असो.)

१९५४ च्या चित्रपटांसाठी, म्हणजे ‘रिअर विंडो’साठी, तिला नामांकन नव्हतं. आणि नेमक्या त्याच सोहळ्याचं न्यूयॉर्कमधलं सूत्रसंचालन तिच्याकडे होतं. हॉलिवूडच्या बाजूला बॉब होप. शेवटी १९५८ मध्ये ब्रॉडवेवर ‘न्यू गर्ल इन टाउन’ या संगीतिकेसाठी टोनी पारितोषिक मिळालं, तेही सहायक नव्हे, प्रमुख अभिनेत्रीचं. तेवढ्यातही एक वाटेकरीण निघालीच: त्याच नाटकातली ग्वेन व्हर्डन. दोघींना ते विभागून मिळालं.