बकुळीची फळं: खायची की नाही?

फुलं वेचायला बकुळीखाली गर्दी होते. पण त्याच झाडाची फळं पडू लागली की मोठी माणसं पोरांना दटावतात, "उचलू नको, विषारी असतात ती!" हे साफ चुकीचं आहे. बकुळीचं पिकलेलं फळ खाता येतं. कोकणात आणि गोव्यात, जिथे हिला ओवळ म्हणतात, तिथली मुलं ती फळं खात आली आहेत.

भीतीचं मूळ बहुधा चिकात असावं. कच्चं फळ तोडलं की पांढरा चीक येतो, आणि चीक म्हणजे विष हे आपल्या डोक्यात पक्कं बसलेलं असतं. मग चिकू, फणस, उंबर यांचं काय करायचं? बकुळ तर चिकू, मोह आणि खिरणी यांच्याच कुळातली.

म्हणून ती चिकूसारखी गोड लागेल असं मात्र नाही. जेमतेम अडीच सेंटिमीटर लांबीचं फळ पिकलं की नारिंगी होतं. पातळ साल काढली की आतला पिवळा गर उकडलेल्या अंड्याच्या बलकासारखा पिठूळ लागतो. आधी गोडसर, मागून तुरट. फळ अर्धवट पिकलेलं असेल तर जीभ पार जड होते. हा गुण टॅनिनचा. बकुळीची तुरट साल दंतमंजनात पडते तीही त्यामुळेच. पूर्ण नारिंगी, बोटाला मऊ लागणारं फळच घ्यावं, धुऊन खावं, आणि पहिल्यांदा एखाद-दुसरंच.

गर खाता येतो म्हणून बीही चावायची नाही. ती चपटी, तपकिरी, चकचकीत बी कडू असते, तिच्यात सॅपोनिन असतं. ती थुंकून टाकावी.

खरी धास्ती हवी ती बिट्टीची, म्हणजे पिवळ्या कण्हेरीची. अमेरिकेतून आलेलं हे झाड अनेक बागांत बकुळीच्या शेजारीच असतं, आणि मुलं त्याच्या बिया खेळायला घेतात. बिट्टीचं फळ हिरवं, कंगोरेदार. बकुळीचं गुळगुळीत, लंबगोल, देठाशी वाळकी निदलं चिकटलेली. बिट्टीतली द्रव्यं हृदयाचे ठोके बिघडवतात, जीवही जातो. मुलानं ती खाल्ल्याचा नुसता संशय आला तरी घरगुती उपाय करत बसू नये, तडक मोठं रुग्णालय गाठावं.