पात्रतेची सवलत आणि गुणवत्तेची जागा

गेल्या पावसाळ्यात दिग्रसला माझ्याकडे एक विद्यार्थिनी आली. डी. एड. झालेली, शिक्षक पात्रता परीक्षेत, म्हणजे टीईटीत, ५६ टक्के गुण. अनुसूचित जातीची म्हणून उत्तीर्ण. तिने विचारले, "सर, मी टीईटीला सवलत घेतली. आता पुढच्या चाचणीत कितीही गुण पडले तरी खुल्या जागेवर घेणार नाहीत म्हणतात. खरं आहे का?" शिकवणीवाल्यांनी तिला पुन्हा फी भरून टीईटी द्यायला आणि ६० टक्के आणायला सांगितले होते.

हा प्रश्न तिच्या एकटीचा नाही, म्हणून जरा तपशिलात शिरतो. शिक्षणहक्क कायदा २००९ च्या कलम २३ खाली केंद्राच्या शिक्षक शिक्षण परिषदेने २३ ऑगस्ट २०१० रोजी टीईटी अनिवार्य केली. महाराष्ट्राने १३ फेब्रुवारी २०१३ च्या शासन निर्णयाने ती लागू केली. उत्तीर्ण व्हायला ६० टक्के, मागासवर्गीयांना ५५. पण टीईटी नोकरी देत नाही. ती दारातून आत सोडते, एवढेच. आत गेल्यावर निवड होते ती २०० गुणांच्या अभियोग्यता व बुद्धिमत्ता चाचणीवर. ही चाचणी २०१७ पासून आहे आणि तिच्यात मागासवर्गीयांना एकही गुण जास्त मिळत नाही. प्रश्नपत्रिका एक, वेळ एक.

आता हिशेब पाहा. समजा, या चाचणीत खुल्या यादीतील शेवटचा उमेदवार १३० गुणांचा आहे आणि आपल्या मुलीला १३५ आहेत. तिला खुल्यात बसवले, तर राखीव जागेवर तिच्यामागचा १२० वाला आपला दुसरा मुलगा लागतो. तिला राखीवात ढकलले, तर तो घरी बसतो. म्हणजे 'सवलत घेतली' या दोन शब्दांत एका घरची भाकरी जाते, आणि 'खुला' म्हणजे न लिहिलेले आरक्षण होऊन बसते.

राजस्थानातील शिक्षकभरतीत हाच वाद झाला. टीईटीत सवलत घेणाऱ्यांना खुल्या जागा नाकारल्या गेल्या. विकास सांखला प्रकरणात २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की टीईटीची सवलत ही पात्रतेची सवलत आहे, निवडीच्या मापात सूट नव्हे. म्हणून गुणवत्तेवर खुल्यात येणाऱ्याला अडवता येत नाही. तेथे तर टीईटीच्या गुणांना अंतिम यादीत २० टक्के भार होता. कमी गुणांनी उत्तीर्ण झालेल्याला त्या भारात तोटाच झाला होता, फायदा कुठला! इंद्रा साहनी निकालाने १९९२ मध्येच म्हटले होते की गुणवत्तेवर निवडला गेलेला मागासवर्गीय राखीव कोट्यात मोजायचा नाही. २०२० च्या सौरव यादव प्रकरणात, खुला प्रवर्ग हा कोणा जातीचा कोटा नव्हे, हेही स्पष्ट झाले.

मात्र एवढ्यावर निर्धास्त राहू नये. २०१७ च्या दीपा ई. व्ही. प्रकरणात वयाची सवलत घेतलेल्या उमेदवार स्त्रीला खुल्या जागेचा हक्क मिळाला नाही, कारण केंद्राच्या नियमातच तशी मनाई लिहिलेली होती. म्हणजे प्रत्येक भरतीत मूळ नियम काय म्हणतो, तो कोणत्या सवलतीविषयी बोलतो, हे वाचल्याखेरीज बोलू नये. आपले कार्यकर्ते निकालाची बातमी वाचतात, नियम वाचत नाहीत. मीही बरीच वर्षे हेच केले.

सध्या जिल्हा परिषदेच्या शाळांत दुसरीच चिंता आहे. १ सप्टेंबर २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सेवेतील शिक्षकांनाही टीईटी बंधनकारक ठरवली. सेवेची पाच वर्षांहून अधिक उरली असतील त्यांना दोन वर्षांची मुदत दिली. ज्यांची त्याहून कमी उरली, त्यांची नोकरी राहील, पण टीईटीशिवाय पदोन्नती नाही. तो विषय स्वतंत्र लेखाचा आहे.

मुलीला मी जाहिरात आणि शासन निर्णय छापून आणायला सांगितले. दाद मागायची तर दिग्रसहून नागपूर खंडपीठापर्यंत जावे लागते, वकील लागतो, आणि यादी लागल्यावर दिवस भराभर जातात. म्हणून कागद आधीच जमवलेला बरा. ती दोन दिवसांनी आली. सवलतीच्या परिच्छेदाखाली तिने पेन्सिलीने रेघ ओढली होती आणि समासात लिहिले होते : 'हे फक्त टीईटीसाठी?'