‘मंत्रानं दहातले सात बरे होतात’, मग चूक कुठे? समजून घ्या खोट्या आत्मविश्वासाचं गणित

पावसाळ्यात दवनीवाड्याला घरी गेलो की गप्पा धानाच्या पऱ्ह्यांवरून रोवणीवर आणि रोवणीवरून सापावर येतातच. गोंदिया तालुक्यातलं हे गाव. बांध्यांत पाणी भरलं की साप उंचवट्यावर येतात, घरातही शिरतात.

अशाच एका संध्याकाळी ओसरीवर शेजारचे काका म्हणाले, “आपल्याकडं मंत्र टाकणारा आहे जी. त्याच्या हातचे किती लोक उठून बसले, मी डोळ्यानं पाहिलं.”

मी इंजिनिअर. मला हसू आलं. म्हटलं, “काका, मंत्रानं काही होत नाही. जखमेच्या वर दोरी करकचून बांधायची, ब्लेडनं चीर द्यायची आणि दवाखाना गाठायचा.”

आईकडे आलेल्या आशाताई ऐकत होत्या. त्या म्हणाल्या, “भाऊ, दोरी बांधायची नाही. चीर तर द्यायचीच नाही. कोण सांगितलं हे तुमाले?”

कुणीच सांगितलं नव्हतं. सिनेमात पाहिलं होतं, मोबाइलवर कुठंतरी वाचलं होतं. काका आणि मी दोघंही चुकत होतो आणि दोघांनाही आपल्या बोलण्याची पक्की खात्री होती. ही खात्री येते कुठून?

मांत्रिकाकडे लोक खरंच बरे होतात का?

होतात. काका खोटं बोलत नव्हते. भारतात सापांच्या 300 हून अधिक जाती आहेत आणि त्यातल्या बहुतांश बिनविषारी आहेत. शिवाय विषारी साप दर वेळी विष सोडतोच असं नाही. याला ‘कोरडा दंश’ म्हणतात.

आता गणित पाहा. समजा, एका पावसाळ्यात मांत्रिकाकडे साप चावलेले 10 जण आले. त्यातल्या 7 जणांच्या अंगात विष गेलेलंच नाही. हे 7 जण मंत्राऐवजी 13चा पाढा म्हटला असता तरी बरे झाले असते. पण श्रेय मंत्राला मिळतं.

उरलेल्या 3 जणांचं काय? एक वाटेत गेला, तर ‘उशिरा आणला’. दुसरा दवाखान्यात गेला, तर ‘डॉक्टरनं मारला’. तिसरा दवाखान्यात वाचला, तर ‘आधी मंत्र टाकला होता म्हणून’. या हिशेबात मंत्र कधी हरतच नाही. त्यामुळे मांत्रिक दर वेळी लबाडच असतो असं नाही. अनेकदा त्याचा स्वतःचाही मंत्रावर विश्वास बसलेला असतो.

न वाचलेले मोजतं कोण?

‘उठून बसलेले’ लोक गावात फिरतात आणि आपली गोष्ट सांगतात. गेलेले सांगायला येत नाहीत. सरकारी आकड्यांचंही बराच काळ असंच झालं. देशातल्या मृत्यूंच्या कारणांवरचा मोठा अभ्यास 2011 मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात सर्पदंशाने गेलेल्यांपैकी केवळ 23 टक्के मृत्यू आरोग्य केंद्रात किंवा रुग्णालयात झाल्याचं दिसलं. बाकीचे रुग्णालयाच्या नोंदीत येणार तरी कसे?

2020 मध्ये आलेल्या पुढच्या अभ्यासानुसार 2000 ते 2019 या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे 12 लाख लोक गेले. म्हणजे वर्षाला सरासरी 58 हजार. त्यातले निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबरमधले. आपल्याकडे पऱ्हे आणि रोवणीचे दिवस हेच.

यात मण्यार सर्वात फसवा. तो बहुधा रात्री, जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावतो. दुखत नाही, सूज नाही, दाताची खूणही अनेकदा दिसत नाही. काही तासांनी पोट दुखतं, पापण्या जड होतात आणि मग श्वास अडतो. मधल्या काळात रुग्ण चांगला बोलत असतो. मंत्र ‘लागू पडला’ असं वाटतं ते याच तासांत आणि उपचारासाठी हातात असलेले तासही हेच.

शास्त्रज्ञ काय सांगतात?

1995 मध्ये अमेरिकेतल्या पिट्सबर्ग शहरात एकाने तोंडाला लिंबाचा रस लावून दोन बँका लुटल्या. लिंबाच्या रसाने अदृश्य अक्षरं लिहिता येतात, मग चेहराही कॅमेऱ्यात दिसणार नाही, असा त्याचा हिशेब होता. अर्थातच तो पकडला गेला.

कॉर्नेल विद्यापीठातल्या डेव्हिड डनिंग आणि जस्टिन क्रुगर यांच्या 1999 मधल्या शोधनिबंधाची सुरुवात याच प्रसंगाने होते. त्यांनी विद्यार्थ्यांच्या विनोदाची जाण, तर्क आणि व्याकरण यांच्या चाचण्या घेतल्या. सर्वात खालच्या पाव गटातले विद्यार्थी प्रत्यक्षात 100 पैकी सरासरी 12व्या पायरीवर होते. आपण 62व्या पायरीवर आहोत, असं त्यांना वाटत होतं. कारण साधं होतं. चूक ओळखायला जे ज्ञान लागतं, तेच त्यांच्याकडे नव्हतं.

या निष्कर्षातला काही भाग निव्वळ आकडेवारीचा खेळ आहे, असा आक्षेप पुढे काही संशोधकांनी घेतला. पण ‘हा नियम इतरांना लागू, मला नाही’ असं आपल्यालाही वाटत असेल, तर तीच पहिली धोक्याची खूण समजा. माझ्याकडे पदवी होती, पण सर्पदंशातलं मला शून्य कळत होतं. एका विषयातली हुशारी दुसऱ्या विषयात आपोआप येत नाही.

‘मला माहीत नाही’ म्हणणारा डॉक्टर

याच्या उलट उदाहरण महाराष्ट्रातच आहे. 1970च्या दशकात डॉ. हिंमतराव बावस्कर महाडजवळच्या बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात होते. कोकणातल्या लाल विंचवाच्या दंशाने मुलं त्यांच्या डोळ्यांसमोर दगावत होती. तेव्हाचे उपचार अपुरे पडत होते. ‘नशीब’ म्हणून सोडून न देता ते रुग्णांच्या उशाशी बसले आणि नाडी, रक्तदाब, श्वास लिहून काढत गेले. हृदयावर ताण येऊन फुप्फुसात पाणी भरतं, हे त्यांनी ओळखलं. रक्तदाबावरचं प्राझोसिन हे औषध त्यांनी वापरून पाहिलं आणि मुलं वाचू लागली. हे निष्कर्ष ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात छापून आले. 2022 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली.

मांत्रिकानेही रुग्ण पाहिले, डॉ. बावस्करांनीही पाहिले. फरक इतकाच की डॉक्टरांनी गेलेले रुग्णही मोजले.

ओळखायचं कसं?

सर्पदंशाचा रुग्ण आला की डॉक्टर एक साधी चाचणी करतात. काचेच्या कोरड्या नळीत थोडं रक्त घेऊन 20 मिनिटं न हलवता ठेवतात. रक्त गोठलं नाही, तर घोणस किंवा फुरशासारख्या सापाचं विष चढल्याची ती खूण. गोठलं, तरी रुग्णाला लगेच घरी पाठवत नाहीत, कारण नाग आणि मण्यार यांचं विष मज्जासंस्थेवर काम करतं. त्यासाठी पापण्या आणि श्वास पाहत राहावं लागतं.

‘माझा अंदाज चुकला’ असं सांगू शकणारी एखादी गोष्ट ही पद्धत नेहमी जवळ ठेवते. मंत्रात तशी सोयच नाही. कोणताही दावा तपासताना एवढं विचारा: हे चुकीचं असेल, तर ते कशावरून कळेल?

कायदा काय म्हणतो?

साप, कुत्रा किंवा विंचू चावलेल्या व्यक्तीला वैद्यकीय उपचारांपासून रोखून मंत्र-तंत्र करणं हा राज्याच्या 2013च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. शिक्षा 6 महिने ते 7 वर्षं कैद आणि 5 हजार ते 50 हजार रुपये दंड.

साप चावल्यास हे करा

• रुग्णाला धीर द्या, चालवू नका. चावलेला हात किंवा पाय हलू देऊ नका.
• अंगठी, बांगड्या, जोडवी, घड्याळ काढा.
• दोरी आवळू नका. रक्तपुरवठा थांबून तो अवयव गमवावा लागू शकतो.
• चीर देऊ नका, विष तोंडाने ओढू नका.
• सापाच्या मागे जाऊ नका. आपल्याकडचं प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चारही सापांवर चालतं.
• 108 वर फोन करा किंवा मिळेल त्या गाडीने जवळचं सरकारी आरोग्य केंद्र गाठा.
• दुखत नसेल, खूण दिसत नसेल, तरीही जा.

त्या संध्याकाळी काकांना मंत्राबद्दल पटलं की नाही, सांगता येत नाही. जाताना ते एवढंच म्हणाले, “बरं, रात्री-बेरात्री गाडीचा नंबर कोणता लावायचा, तेवढा लिहून दे.” मी भिंतीवरच्या कॅलेंडरवर मोठ्या अक्षरांत 108 लिहिला. मग आपल्या फोनमध्ये आशाताईंचाही नंबर सेव्ह करून घेतला.