गंज न दाखवता तुटणारे पोलाद

९ मे १९८५ रोजी स्वित्झर्लंडमधील उस्टर येथे एका बंदिस्त जलतरण तलावाचे टांगलेले काँक्रीटचे छत कोसळून १२ जण मृत्युमुखी पडले. इमारत अवघी १३ वर्षांची होती. छत पेलणाऱ्या सळया अगंज पोलादाच्या, म्हणजे आपल्या घरातील भांड्यांना परिचित असलेल्या स्टेनलेस स्टीलच्या होत्या. न गंजणारा धातू असा दगा कसा देतो?

अगंज पोलादातील क्रोमियमचा ऑक्सिजनशी संयोग होऊन पृष्ठभागावर ऑक्साइडचा अतिशय पातळ थर तयार होतो. ओरखडा पडला तरी तो पुन्हा धरतो. हेच या पोलादाचे कवच होय. क्लोराइड मात्र त्याचा जागोजागी भेद करू शकते. अशा वेळी धातू ताणाखाली असेल, मग तो ताण भाराचा असो वा वाकवताना, सांधताना आत राहून गेलेला असो, तर तेथे सूक्ष्म तडा जातो. तड्याच्या टोकाशी ताण एकवटतो, तेथील कवच पुनःपुन्हा फाटते आणि तडा फांद्या फुटाव्यात तसा आत शिरतो. सळईची जाडी जवळजवळ घटत नाही. बाहेरची चकाकीही बरीचशी टिकून राहते. यालाच ताण-क्षरणजन्य भेग म्हणतात.

साधारणतः ६० अंश सेल्सिअसखाली या पोलादाला हा धोका नाही, असा पूर्वी समज होता. उस्टरने तो खोटा ठरवला. पाण्यातील जंतुनाशक क्लोरीनचा पोहणाऱ्यांच्या घामाशी व मूत्राशी संयोग होऊन क्लोरामिने बनतात. त्यांतील बाष्पनशील अंश हवेतून छतापर्यंत पोहोचतो. तेथे सळयांवर दमटपणा धरतो आणि सुकतो. ना पाण्याने धुणे, ना कोणाचा हात. परिणामी क्लोराइडाचे तीव्र द्रावण साचत जाते.

ताण, क्लोराइड आणि त्याला बळी पडणारे पोलाद, या तिहींपैकी एक दूर केले तरी भेग टळते. म्हणून अशा जागी भार पेलण्यासाठी मॉलिब्डेनमचे प्रमाण अधिक असलेले पोलाद निवडतात. तरीही २००१ साली नेदरलँड्समधील स्टेनवाइक येथे याच कारणाने तलावाचे छत पडले. सुदैवाने तेव्हा आत कोणी नव्हते. साधे लोखंड गंजून निदान इशारा तरी देते. अगंज पोलाद बहुधा तोही देत नाही; म्हणूनच छताआड दडलेल्या सळईची ठरावीक काळाने तपासणी करणे अपरिहार्य ठरते.