ड्रॉइंगवर न लिहिलेले

महाडचे नाव महाराष्ट्रभर पोहोचले ते चवदार तळ्यामुळे आणि तालुक्यातल्या रायगडामुळे. बिरवाडीच्या बाजूला पसरलेली एमआयडीसी त्या मानाने बाहेरच्यांच्या फारशी परिचयाची नाही. ही वसाहत मुख्यतः रसायनांची. रसायनाचा कारखाना लांबून पाहिला तर टाक्या, नळ आणि चिमण्या दिसतात. तो चालतो मात्र पंपांच्या जोरावर. आणि पंपाचे दुखणे बहुधा एकाच जागी असते: शाफ्ट जिथून पंपाच्या पोटात शिरतो ती फट. पाण्याच्या पंपात तिथे ग्लँडदोरी भरली की भागते, थेंब थेंब पाणी गळले तरी कुणाचे काही बिघडत नाही. आम्ल किंवा सॉल्व्हंट असेल तर ती चैन परवडत नाही. तिथे मेकॅनिकल सील बसवतात. एक चकती शाफ्टबरोबर फिरते, दुसरी जागेवर घट्ट असते, आणि दोघींची तोंडे एकमेकींना टेकून द्रव अडवतात. ही तोंडे किती सपाट असावीत हे मोजायला व्हर्निअर किंवा मायक्रोमीटर पुरा पडत नाही. चकतीवर ऑप्टिकल फ्लॅट नावाची काच ठेवून एकरंगी पिवळ्या दिव्याखाली पाहतात. काळ्या-पिवळ्या पट्ट्या उमटतात. त्या सरळ असल्या तर तोंड सपाट, वाकल्या तर नाही. एका पट्टीइतका बाक म्हणजे जेमतेम 0.3 मायक्रॉन. माणसाचा केस साधारण 70 मायक्रॉन जाड असतो, आणि सीलच्या तोंडाला सूट मिळते ती दोन-तीन पट्ट्यांची.

चकत्या कार्बनच्या किंवा टंगस्टन कार्बाइडच्या असतात. पण शाफ्टवर चढणारी स्लीव्ह, चकती धरून ठेवणारी ग्लँड प्लेट, व्हॉल्व्हचा दांडा, इम्पेलरचा नट हे सगळे लेथवर आणि सीएनसीवर कातलेले धातूचे भाग. असे भाग लागले की खरेदी खात्यापुढे साधारण तीन कोटेशने येतात: एक भोसरी-चाकणकडचे, एक मूळ युरोपीय कंपनीचे आणि एक चीन किंवा तैवानमधले. मग चर्चा दोनच गोष्टींची होते, भाव काय आणि माल किती दिवसांत येणार. माझे म्हणणे असे की या दोन प्रश्नांना आपण नको इतके महत्त्व देतो, आणि ड्रॉइंग व मोजमाप या दोन गोष्टी पुरवठादाराच्या भरवशावर सोडून देतो. फसगत बहुतेक वेळा तिथेच होते. पुरवठादार लबाड असतोच असे नाही. त्याला जे सांगितलेले नसते ते तो आपल्या रीतीने भरून काढतो.

भावाचे आधी उरकून घेऊ. परदेशी कोटेशनवरचा आकडा हा कारखान्याच्या दारात पडणारा भाव नव्हे. त्यात जहाजाचे भाडे आणि विमा मिळवायचा, त्या बेरजेवर कस्टम ड्युटी, ड्युटीच्या रकमेवर 10 टक्के समाजकल्याण अधिभार, आणि वर आयजीएसटी. आयजीएसटीची वजावट पुढे मिळते, पण तोवर पैसे अडकतात. न्हावाशेवा आपल्याच रायगड जिल्ह्यात असल्याने बंदरापासूनचा प्रवास तुलनेने सोपा, ही जमेची बाजू. परदेशी पुरवठादार सहसा मोठ्या संख्येशिवाय ऑर्डर घेत नाही, त्यामुळे सहा स्लीव्हची गरज असताना शंभर घेऊन स्टोअरमध्ये गंजवत ठेवायच्या का, हाही हिशोबच आहे. एवढे करूनही परदेशी माल कधी कधी स्वस्त पडतो, हे नाकारण्यात अर्थ नाही.

आता ड्रॉइंग. वस्तूचा चेहरा कागदावर उतरवण्याच्या दोन पद्धती जगात चालतात. भारतात आणि युरोपात पहिल्या कोनाची पद्धत शिकवतात, अमेरिकेत आणि जपानमध्ये तिसऱ्या कोनाची. पहिलीत वस्तूची उजवी बाजू डावीकडे काढतात, दुसरीत उजवीकडेच. कागदाच्या कोपऱ्यात तुटक्या शंकूचे बारीकसे चिन्ह असते, त्यावरून पद्धत ओळखायची. शाफ्टसारखा गोल, समतोल भाग असेल तर काहीच फरक पडत नाही. पण एका बाजूला भोक आणि दुसऱ्या बाजूला खाच असलेली ग्लँड प्लेट असेल आणि ते चिन्ह नजरेतून सुटले, तर माल येतो तो आरशातला. प्रत्येक माप बरोबर, तपासणीचा अहवाल स्वच्छ, आणि प्लेट बसत नाही. अशा वेळी चूक कोणाची यावर महिनाभर ईमेल चालतात.

आट्यांचे प्रकरण याहून वाईट, कारण तिथे चूक लगेच कळतही नाही. आपल्याकडचे नळ, सॉकेट, निपल ब्रिटिश वळणाचे, म्हणजे बीएसपी आट्यांचे. अमेरिकी यंत्रावर एनपीटी आटे येतात. अर्ध्या आणि पाऊण इंचाच्या मापात दोन्हींमध्ये एका इंचात 14 च आटे असतात. फरक आट्याच्या कोनाचा, एकाचा 55 अंश आणि दुसऱ्याचा 60. फिटरने एकात दुसरे फिरवले की दोन-तीन वेढे खुशाल बसतात, हाताला घट्टही लागतात. टेफ्लॉन टेप गुंडाळून दाबाची चाचणीसुद्धा कधी निभावून जाते. मग लाइन तापते, थंड होते, पुन्हा तापते, आणि एके दिवशी आट्यातून पाझर सुरू होतो. ऑर्डरमध्ये नुसते ‘अर्धा इंच आटे’ एवढेच लिहिले असेल तर पुरवठादाराला दोष देता येत नाही. त्याच्या देशात अर्धा इंच म्हणजे तेच.

तिसरी न लिहिलेली गोष्ट म्हणजे तापमान. धातू उन्हाने वाढतो हे शाळेत रेल्वेच्या रुळांच्या उदाहरणाने शिकवतात, पण मोजमापात त्याचा कसा घोळ होतो ते सांगायचे राहून जाते. पूर्वी ब्रिटन 62 अंश फॅरनहाइटला लांबी मोजत असे आणि फ्रान्स शून्य अंश सेल्सिअसला. 1931 साली आंतरराष्ट्रीय वजनमापे समितीने 20 अंश सेल्सिअस हे सर्वांसाठी ठरवले, आणि आज ड्रॉइंगवर काही लिहिले नसले तरी प्रत्येक माप 20 अंशांचे समजतात. रायगडच्या उन्हाळ्याशी याचा ताळमेळ नाही. याच जिल्ह्यातल्या भिऱ्याने 2017 च्या मार्चमध्ये 46 अंश ओलांडले होते. इतके टोक सोडा. पत्र्याखालच्या तपासणीच्या टेबलावर 35 अंश ही काही नवलाई नव्हे. 100 मिलिमीटरचा पोलादी भाग 15 अंश जास्त तापला तर सुमारे 17 मायक्रॉन वाढतो. त्या मापाच्या भोकाला एच-7 दर्जाची सूट दिली असेल तर ती सगळी मिळून 35 मायक्रॉन. म्हणजे निम्मी सूट नुसत्या उन्हाने खाल्ली. गेज आणि जॉब दोन्ही पोलादी आणि दोन्ही तासन् तास एकाच टेबलावर पडून असतील तर चूक बरीचशी आपोआप फिटते. पण अॅल्युमिनियमचा भाग पोलादाच्या दुप्पट वाढतो, आणि उन्हातल्या टेम्पोतून नुकताच उतरवलेला खोका उघडून लगेच मायक्रोमीटर लावला तर वातानुकूलित खोलीत ‘पास’ झालेला माल इथे ‘रिजेक्ट’ होतो. त्यात खोटे कोणीच बोलत नाही.

मापे हाताने तपासता तरी येतात; धातू नुसत्या डोळ्यांना ओळखू येत नाही. 304 आणि 316 या दोन जातींचे स्टेनलेस स्टील शेजारी ठेवले तर अनुभवी टर्नरही छातीठोक सांगू शकणार नाही. 316 मध्ये दोन ते तीन टक्के मॉलिब्डेनम असते, आणि क्लोराइड असलेल्या द्रवात तेवढ्याने मोठा फरक पडतो: 316 तग धरते तिथे 304 ला बारीक खड्डे पडू लागतात. म्हणून मालाबरोबर ओतकामाच्या बॅचचा क्रमांक असलेले टेस्ट सर्टिफिकेट मागतात. ते मागावेच, पण त्यावर किती विसंबायचे? ऑक्टोबर 2017 मध्ये जपानच्या कोबे स्टीलने स्वतःच कबूल केले की अॅल्युमिनियम आणि तांब्याच्या मालाचे तपासणीचे आकडे बदलून माल पाठवला गेला होता; असा माल घेणाऱ्या ग्राहकांची संख्या पाचशेच्या वर निघाली, आणि त्यांत मोटारी आणि विमाने बनवणाऱ्या बड्या कंपन्या होत्या. जपानी माल म्हणजे डोळे झाकून घ्यावा, हा आपल्याकडचा जुना समज. कागद कोणत्या देशाचा आहे यावर त्याचे खरेपण ठरत नाही, एवढे त्या प्रकरणाने दाखवले. उपाय महागडा नाही. हातात धरायचे एक्स-रे यंत्र भाड्याने मिळते, धातूला टेकवले की काही सेकंदांत मॉलिब्डेनमचा आकडा दाखवते. मात्र त्याला कार्बन दिसत नाही. त्यामुळे 316 आणि 316-एल यांतला फरक त्याने कळणार नाही, त्यासाठी तुकडा प्रयोगशाळेतच द्यावा लागतो. प्रत्येक उपकरणाला काय दिसत नाही हे माहीत असणे हाही तपासणीचाच भाग आहे.

यावर पहिला आक्षेप सरळ आहे: एवढी यातायात कशाला, पुण्याहूनच घ्यावे. हा आक्षेप मी अर्धा मान्य करतो. चुकलेली प्लेट भोसरीहून दुरुस्त होऊन येते आणि मधल्या काळात आपला माणूस तिथे जाऊन यंत्राशेजारी उभा राहू शकतो. शेनझेनला तो जात नाही. पाच-दहा नगांच्या कामाला आणि तातडीच्या कामाला जवळचाच बरा. पण जवळ म्हणजे सुरक्षित हे गृहीतक महाड-पोलादपूरकडे तपासून घ्यावे लागते. पुण्याकडे चढणारा वरंधा घाट पावसाळ्यात वाहतुकीला बंद ठेवण्याची वेळ वारंवार येते. जुलै 2021 मध्ये महाड पाण्याखाली गेले आणि त्याच दिवसांत पोलादपूरहून महाबळेश्वरला चढणारा आंबेनळी घाट ठिकठिकाणी खचला. नकाशावर पुणे तेवढेच जवळ होते. उलट लांबचा पुरवठाही कुणाच्या हातात नसतो: मार्च 2021 मध्ये एव्हर गिव्हन जहाज सुएझमध्ये आडवे होऊन सहा दिवस कालवा तुंबला, आणि 2023 च्या अखेरीपासून तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे युरोपकडची अनेक जहाजे आफ्रिकेला वळसा घालू लागली. या दोन्हींवर इलाज एकच, तोही जुना: ज्या भागावाचून प्लँट बंद पडतो त्याचे दोन नग स्टोअरमध्ये, आणि तेही वरच्या मजल्यावर.

तरीही जवळच्या पुरवठादाराचा खरा धोका वेगळाच आहे. ओळख असली की ड्रॉइंग ढिले होते. फोनवर ‘मागच्यासारखेच करा’ एवढे सांगून काम होते, आणि मागचे करणारा कारागीर नोकरी सोडून गेला की ते माप त्याच्याबरोबर जाते. परदेशी खरेदी निदान सगळे लिहायला भाग पाडते.

दुसरा आक्षेप असा की हे सगळे बड्या कंपन्यांचे चोचले, लहान कारखान्याला झेपत नाहीत. इथे जरा पलीकडच्या बाजूला जाऊन पाहावे, कारण जर्मनीतल्या खरेदी अधिकाऱ्याच्या लेखी लांबचा, अनोळखी पुरवठादार म्हणजे आपणच. कोल्हापूरचे उद्यमनगर ऑइल इंजिनांवर वाढले; पुढे शिरोली आणि गोकुळ शिरगावच्या फाउंड्र्या आणि मशीन शॉप मोटारींचे भाग ओतू-कातू लागले आणि त्यांतले बरेच परदेशी जातात. त्यांच्या वाट्याला जी शिस्त आली तिचे नाव पीपॅप. अमेरिकी मोटार कंपन्यांनी 1990 च्या दशकात ती रूढ केली: मोठी ऑर्डर सुरू होण्यापूर्वी पहिल्या नगांचे एकूण एक माप, धातूचा दाखला, मोजणारी उपकरणे आणि मोजणारी माणसे किती चुकतात त्याचा अभ्यास, अशा 18 गोष्टी सादर करायच्या. सुरुवातीला ही कटकट वाटते यात शंका नाही. पण 1961 साली स्थापन झालेली, मुंढव्याची भारत फोर्ज ट्रकच्या क्रँकशाफ्टसाठी परदेशात ओळखली जाऊ लागली आणि 2004 मध्ये तिने कार्ल डान पेडिंगहाउस ही जर्मन फोर्जिंग कंपनीच विकत घेतली, ते काही केवळ मजुरी स्वस्त म्हणून घडले नाही. मजुरी शेजारच्या गल्लीतही तेवढीच स्वस्त होती. जी कागदपत्रे आपले लघुउद्योजक परक्याला बिनतक्रार देतात, तीच मागण्याचा संकोच महाडच्या खरेदी खात्याने का करावा? 18 नकोत, चार मागावीत.

तिसरा आक्षेप स्वदेशीचा: परक्या बाजारावर विसंबूच नये. ऑगस्ट 2025 मध्ये अमेरिकेने भारतीय मालावर 50 टक्क्यांपर्यंत शुल्क चढवले तेव्हा आपल्या निर्यातदारांना कळले की उत्तम माप पाळूनही बाजार हातचा जाऊ शकतो. हे खरेच आहे आणि त्यापुढे मायक्रॉनची मातब्बरी चालत नाही. म्हणूनच एका भागासाठी दोन पुरवठादार तयार ठेवावेत, एक इथला आणि एक बाहेरचा, असे मला वाटते. आणि दोघांना एकच ड्रॉइंग देता यायला हवे तर ते ड्रॉइंग आपले स्वतःचे असले पाहिजे. मूळ कंपनीच्या कॅटलॉगमधला पार्ट नंबर म्हणजे ड्रॉइंग नव्हे. अनेक कारखान्यांत तेवढाच हाताशी असतो, आणि मग भावाची घासाघीस कितीही केली तरी विकणारा एकच उरतो.

सुरुवात कशी करावी, तर लहान. शंभर नगांची ऑर्डर देण्याआधी पाच नमुने मागवावेत आणि त्यांवर एक ते पाच क्रमांक कोरून घ्यावेत. पुरवठादाराने प्रत्येक क्रमांकाची मापे तापमानासह लिहून पाठवावीत. खोका आला की तो रात्रभर तपासणीच्या खोलीत उघडा ठेवावा, सकाळी तेच नग आपल्या गेजने मोजावेत, आणि दोन्ही तक्ते शेजारी मांडावेत. पाचही नगांत फरक सारखाच, एकाच दिशेने येत असेल तर बहुधा भागात खोट नाही. दोन टेबलांपैकी एकाचे गेज, किंवा एकाची खोली, चुकते आहे. फरक विस्कळीत असेल तर यंत्र ढिले आहे किंवा मोजणारा हात कच्चा. हे कळायला पाच स्लीव्हचा खर्च येतो आणि दोन आठवडे जातात. गेजचे कॅलिब्रेशन मान्यताप्राप्त प्रयोगशाळेतून गेल्या वर्षभरात झाले आहे का, हा प्रश्न मात्र त्याआधी आपल्याच स्टोअरमध्ये विचारून घ्यावा.